भाच्याचा प्रश्न : विद्यापीठांना वेगळं इंटरनेट कशाला?

मोडेमवाला

परवा भाचा आला होता. इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे, फोनवर फाइव्ह-जी, घरी फायबर. कपाटाच्या वरच्या फळीवरचा जुना मोडेम बघून म्हणाला, "मामा, हा डबा कसला?" सांगता सांगता विषय अर्नेटवर गेला, म्हणजे शिक्षण-संशोधन संस्थांच्या जुन्या नेटवर्कवर, तिथून एनकेएनवर, म्हणजे त्यांच्याच नव्या, वेगवान राष्ट्रीय ज्ञान नेटवर्कवर, आणि गड्याने सरळच विचारलं, "पण विद्यापीठांना वेगळं नेटवर्क हवंच कशाला? सगळ्यांना जे इंटरनेट तेच त्यांनाही."

एका विद्यापीठाच्या संगणक केंद्रात मी २७ वर्षं काढली. हाच प्रश्न मला दोन कुलसचिवांनी, एका वित्त अधिकाऱ्याने आणि कितीतरी प्राध्यापकांनी विचारलाय. दरवेळी जिन्यात उभ्याउभ्या काहीतरी उत्तर देऊन सुटलो. आता निवृत्त आहे, तेव्हा लिहूनच काढतो.

पहिली गोष्ट म्हणजे आपल्याकडे विद्यापीठांचं नेटवर्क 'वेगळं' काढलेलं नाही. आधी तेच होतं, बाकीचं मागून आलं. सामान्य माणसाला इंटरनेट मिळालं १५ ऑगस्ट १९९५ ला, विदेश संचार निगमकडून. अर्नेट सुरू झालं १९८६ मध्ये. केंद्राचं इलेक्ट्रॉनिक्स खातं आणि संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमाचा पैसा, आणि आठ ठिकाणं : मुंबई, दिल्ली, कानपूर, खरगपूर, मद्रास या पाच आयआयटी, बंगळुरूची आयआयएससी, जुहूचं एनसीएसटी (सॉफ्टवेअर तंत्रज्ञानाचं राष्ट्रीय केंद्र) आणि खुद्द ते खातं. एनसीएसटीचे संचालक श्रीनिवासन रमाणी. २०१४ मध्ये त्यांचं नाव इंटरनेट हॉल ऑफ फेममध्ये गेलं. आपल्याकडे त्याची बातमी किती जणांनी वाचली, देव जाणे.

सुरुवातीला 'जोडलेलं' म्हणजे चोवीस तास जोडलेलं नव्हे. पवईचं यंत्र जुहूच्या यंत्राला फोन लावायचं, मोडेम किंचाळायचे, साठलेल्या मेलचा गठ्ठा इकडून तिकडे जायचा, फोन ठेवला जायचा. एसटीतून टपालाची थैली जाते तसं. थैली सुटल्यावर आलेलं पत्र पुढच्या फेरीला. १९९२ पर्यंत ही आठही ठिकाणं ९.६ केबीपीएसच्या (सेकंदाला ९.६ हजार बिट) भाड्याच्या तारांनी जोडली गेली, आणि त्याच साली मुंबईहून अमेरिकेतल्या व्हर्जिनियाला ६४ केबीपीएसची तार लागली.

भाच्याला हिशेब करून दाखवला. तू काढलेला ४ एमबीचा एक फोटो त्या ९.६ च्या तारेवरून पाठवायला जवळजवळ तास लागला असता, आणि तेवढा वेळ बाकी कोणी काही पाठवायचं नाही. व्हर्जिनियाच्या तारेवर आठ-साडेआठ मिनिटं, आणि त्या तारेच्या मागे आठही संस्था रांगेत. तो हसला. मला हसू आलं नाही, कारण त्या रांगेत मी उभा राहिलोय.

अजून एक. टीसीपी/आयपी, म्हणजे आजचं इंटरनेट ज्या नियमांवर चालतं ते, जिंकणार हे तेव्हा कुठे लिहून ठेवलेलं नव्हतं. युरोपातली सरकारं आणि टेलिफोन खाती ओएसआय या दुसऱ्या नियमावलीच्या मागे होती. अर्नेटवाल्यांनी शहाणपणाने दोन्ही बाळगले. १९९० मध्ये १४४.१६ ने सुरू होणारा पत्त्यांचा मोठा गट मिळवून ठेवला, आणि १९९५ पासून जवळपास सगळी ये-जा टीसीपी/आयपीवर आली. दोन्ही डगरींवर पाय ठेवू नये म्हणतात, पण कुठली डगर ढासळणार हे माहीत नसेल तर ठेवावा.

आमच्याकडे तार आलीच नाही, छत्री आली. उपग्रहाची. उपग्रह ३६,००० किलोमीटरवर, त्यामुळे इकडून तिकडे जाऊन उत्तर यायला अर्ध्या सेकंदाहून जास्त. टेलनेटवर, म्हणजे दूरच्या यंत्रावर इथून काम करताना, अक्षर दाबायचं आणि ते पडद्यावर उमटायची वाट बघायची. मनाला सवय होते, बोटांना होत नाही. एकदा दोन दिवस नेट बंद होतं. बंगळुरूच्या मुख्य केंद्राशी फोनाफोनी, पत्रापत्री झाली. शेवटी शिपायाने गच्चीवरून खाली येऊन सांगितलं, "साहेब, खारीने वायर खाल्लीय."

चहाबाज

वाचनखूण साठवली. मोडेम किंचाळायचे हे वाचून कान वाजले.

तिरकस_तात्या

स्मरणरंजन झकास. पण काका, भाच्याच्या प्रश्नाचं उत्तर कुठाय? १९८६ मध्ये दुसरं काही नव्हतंच, म्हणून सरकारने उभारलं. मान्य. आता गल्लीबोळात फायबर आहे. एनकेएनसाठी मार्च २०१० मध्ये ५,९९० कोटी मंजूर झाले, दहा वर्षांसाठी. विद्यापीठांनी निविदा काढायच्या, जो स्वस्त देईल त्याच्याकडून घ्यायचं. मी याच धंद्यात आहे, शाळा-कॉलेजांना कनेक्शन विकतो, म्हणून पक्षपाती समजा हवं तर.

खोडदकर

तात्या, तुमच्या धंद्यातलंच विचारतो. एक टीबीची फाइल सलग पाठवणारं गिऱ्हाईक आवडेल का तुम्हाला?

मी रेडिओ दुर्बिणीचा डेटा वापरतो. नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटी आहे, ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेना, २५ किलोमीटरच्या टापूत पसरलेल्या. काही तासांच्या निरीक्षणाचा डेटा सहज शेकडो जीबीत जातो. पूर्वी आम्ही तो टेपवर घ्यायचो, मग हार्ड डिस्कवर, आणि पिशवी मांडीवर ठेवून एसटीने पुण्याला. वेगाच्या हिशेबात ती एसटी बऱ्याच तारांना भारी होती, गंमत नाही.

हिशेब : एक टीबी १०० एमबीपीएसवरून, तीही पूर्ण मिळाली तर, २२ तास. १० जीबीपीएसवरून १३ मिनिटं. आणि ती एकदा नाही, आठवड्यातून चारदा.

अवांतर : अँटेनांना जोडणारी ऑप्टिकल फायबर त्या ऊस-टोमॅटोच्या शेतांखालून नव्वदच्या दशकातच गेली होती. ज्याच्या बांधाखालून ती गेली त्याच्या घरी तेव्हा साधा फोन नव्हता.

तिरकस_तात्या

तुमच्यासारखं गिऱ्हाईक नकोच, खरं सांगतो. आमचं सगळं गणित 'सगळे एकदम वापरत नाहीत' यावर चालतं. शंभर जणांना विकायचं, वीस जण वापरतात असं धरायचं. तुम्ही एकटे विसांचं खाणार.

पण मग असे संशोधक देशात किती? दहा-वीस संस्था? त्यांना द्या खुशाल खास तार. १,५०० संस्थांचं लक्ष्य कशाला?

मोडेमवाला

तात्या, हा प्रश्न बिनतोड आहे. कुलसचिवांनी विचारला असता तर मी खोकला काढून विषय बदलला असता.

दहा-वीस संस्थांची गरज उघडच आहे. मुंबईच्या टीआयएफआरमध्ये सर्न या जिनिव्हाच्या कणभौतिकी प्रयोगशाळेच्या सीएमएस प्रयोगाचं टियर-२ (दुसऱ्या फळीचं) डेटा केंद्र आहे, कोलकात्याच्या व्हीईसीसीत अ‍ॅलिस प्रयोगाचं. जिनिव्हाहून येणारा डेटा तिथे उतरतो. महासंगणकांचं तसंच, २०१५ नंतर राष्ट्रीय मिशनखाली जे परम बसवले, पुण्याच्या आयसरमधला परम ब्रह्म धरून, ते एनकेएनवरूनच वापरायचे. महासंगणक पुण्यात आणि संशोधक तेजपूरला, तर मधली वाट रुंद हवीच.

पण तेजपूरचा संशोधक कोण, तो कधी निघेल, हे आधी कळत नाही. लहान विद्यापीठातल्या पोरीला जिनोमचा डेटा हवा असेल, तिने आधी 'मी मोठी संस्था आहे' असं सिद्ध करायचं का? सगळ्यांना वाट द्यायची, कोण चालतं ते मग दिसतं. हे मत आहे माझं, सिद्धांत नाही. बऱ्याच ठिकाणी वाट दिली आणि कोणी चाललंच नाही, तेही डोळ्यांनी पाहिलंय.

ग्रंथपाल_बाई

शेवटच्या वाक्याची साक्षीदार मी. तालुक्याच्या गावात कॉलेज आमचं.

२००९ मध्ये केंद्राचं शिक्षणातल्या तंत्रज्ञानाचं मिशन आलं. विद्यापीठाला १ जीबीपीएस, कॉलेजला लहान जोडणी, खर्चाचा ७५ टक्के वाटा मंत्रालयाचा, २५ टक्के कॉलेजचा. आम्हाला १० एमबीपीएस मिळणार म्हणून नोटीस लागली, पेढे वाटले. तार आली ती प्राचार्यांच्या केबिनमध्ये. कारण त्या खोलीला एसी होता आणि दाराला कुलूप होतं. राउटरवर भरतकाम केलेलं आच्छादन घातलं, खोटं नाही सांगत, शिवणाच्या वर्गातल्या मुलींकडून करून घेतलं होतं. केबिनपासून ग्रंथालय ऐंशी-नव्वद पावलं. तेवढी केबल टाकायला कोणत्या निधीतून पैसे द्यायचे यावर दोन वर्षं गेली. मग आमचा २५ टक्क्यांचा हप्ता थकला आणि ती ओळ मुकाट्याने बंद झाली. कोणाला कळलंही नाही, कारण कोणी वापरतच नव्हतं.

पण दुसरी बाजूही सांगते. मी नंतर एका विद्यापीठाच्या ग्रंथालयात गेले. तिथे नियतकालिकं विद्यापीठाच्या आयपी पत्त्यावर, म्हणजे नेटवरच्या त्याच्या क्रमांकावर, उघडायची. पत्ता विद्यापीठाचा असेल तर लेख दिसणार, नाहीतर पैसे मागणार. २०२० ची टाळेबंदी लागली आणि पीएचडीची सगळी मुलं आपापल्या गावी. लेख उघडेनात. दिवसाला तीस-चाळीस फोन. एक मुलगा बार्शीहून रोज सकाळी फोन करायचा, "मॅडम, आज चालू झालं का?" मग इन्फ्लिबनेट या विद्यापीठ ग्रंथालयांसाठीच्या केंद्रीय संस्थेच्या इनफेड व्यवस्थेतून एकेकाला लॉगिन काढून दिलं. पत्ता म्हणजे ओळख आहे हे मला तेव्हा समजलं. आता १ जानेवारी २०२५ पासून एक देश एक सदस्यत्व योजना सुरू झालीये, सुमारे १३,००० नियतकालिकं. म्हणजे माझं जुनं तालुक्याचं कॉलेजही आता दारात उभं आहे. केबिनमधून केबल बाहेर आली असेल तर.

चहाबाज

भरतकाम! _/\_

थेम्सकाठचा

ग्रंथपालताई, केबिनचं वाचून वाईटही वाटलं आणि हसूही आलं.

इकडची गंमत. ब्रिटनचं जॅनेट सुरू झालं १ एप्रिल १९८४ ला. यांचं सगळं जगावेगळं, पत्ते उलटे लिहायचे : आधी देश, मग शैक्षणिक, मग विद्यापीठ, शेवटी विभाग. यूके डॉट एसी डॉट अमुक डॉट सीएस. सीएस म्हणजे कॉम्प्युटर सायन्स. बाकी जग शेवटचा भाग देश समजणार, आणि सीएस हा तेव्हा चेकोस्लोव्हाकियाचा कोड. झाली ना पंचाईत! शेवटी यांना आपले पत्ते सुलटे करावे लागले.

तात्यांच्या मुद्द्यावर : इथे विद्यापीठं जिस्क या संस्थेला वर्गणी भरतात, ती संस्था विद्यापीठांचीच, नेटवर्क ती चालवते. म्हणजे निविदा असतातच, तारा खासगी कंपन्यांच्याही असतात. पण चालवणारा तुमचा माणूस. रात्री बिघाड झाला तर 'आपका कॉल हमारे लिए महत्वपूर्ण है' ऐकावं लागत नाही.

आणि एड्युरोम विसरू नका, आपल्या संस्थेच्या लॉगिनवर दुसऱ्या विद्यापीठातही वायफाय मिळतं ते. माझी पुतणी पुण्याहून एडिंबराला शिकायला आली. विद्यापीठाच्या दारात उभी राहिली आणि फोन आपोआप वायफायला लागला. ती घाबरली, म्हणे हॅक झाला. तिच्या पुण्याच्या संस्थेने एड्युरोम घेतलं होतं. इथल्या सर्व्हरने तिच्या नावातला @ नंतरचा भाग बघितला, विचारणा भारतात पाठवली, तिथून हो आलं, दार उघडलं. पासवर्ड इथल्या कोणाला दिसतही नाही. भारतात हे अर्नेटच चालवतं.

गोंधळलेला_मास्तर

मोडेमवाले काका, थोडं माझं. मी खासगी इंजिनिअरिंग कॉलेजात शिकवतो. आयआयटी मुंबईने दहा हजार शिक्षकांना एकदम शिकवायचा उपक्रम केला होता, प्रा. दीपक फाटकांच्या पुढाकाराने. आम्ही आपापल्या भागातल्या केंद्रावर बसायचो, पवईतून शिकवणं चालू, हात वर केला की आपला चेहरा पडद्यावर. माझा नंबर आला तेव्हा मी प्रश्नच विसरलो. शेकडो केंद्रांवरचे मास्तर हसले असणार. पण ते चित्र अडकत नव्हतं, हे नमूद करतो.

आता तक्रार. आमच्याकडे आज १ जीबीपीएसची ओळ आहे, कागदोपत्री. माझ्या प्रयोगशाळेत डेटासेट उतरवायला रात्र जाते. नेटवर्कवाला मुलगा म्हणतो, "सर, स्पीड टेस्ट बघा, मस्त आहे." कोणाचं खरं?

मोडेमवाला

दोघांचंही. हे माझ्यावर गुदरलंय, जरा सविस्तर सांगतो.

आमच्या भौतिकशास्त्राच्या एका सरांची फाइल जिनिव्हाहून यायची. एक गिगाबिटची ओळ असून त्यांना मिळायचे साडेतीन एमबीपीएस. ना तीन, ना चार, रोज साडेतीन. मला जिन्यात गाठून म्हणायचे, "तुझं गिगाबिट कुठे सांडलं रे?" मी ओळ तपासली, ठीक. मुंबईच्या सर्व्हरवरून फाइल ओढली, शंभरच्या आसपास. स्पीड टेस्ट त्याहून छान, कारण ती एका वेळी अनेक जोडण्या उघडते.

आकडा रोज तोच येतो म्हणजे गर्दी नाही, कुठेतरी मोजून कापलं जातंय. टीसीपीत पाठवणारा काही माल पाठवतो आणि 'पोचलं' असा निरोप यायची वाट बघतो. निरोपाआधी जास्तीत जास्त किती पाठवायचं, ती खिडकी. जुन्या नियमाने ती ६४ केबी. मुंबईहून निरोप यायला ५ मिलिसेकंद, म्हणजे सेकंदाला दोनशे खेपा, ६४ च्या दोनशे खेपा म्हणजे १०५ एमबीपीएसच्या आसपास. जिनिव्हाहून निरोप यायला १५० मिलिसेकंद धरा, सेकंदाला जेमतेम सात खेपा. झाले साडेतीन. ओळ गिगाबिटची असो नाहीतर दहा गिगाबिटची, बैलगाडी एकच आणि ती परत आल्याशिवाय दुसरी भरायची नाही.

यावर उपाय जुना आहे. जोडणीच्या पहिल्याच पाकिटात दोन्ही यंत्रं एकमेकांना सांगतात, की माझी खिडकी इतके पट मोठी धर. आमचा फायरवॉल, म्हणजे आत-बाहेर जाणारं प्रत्येक पाकीट तपासणारा पहारेकरी, ती सूचना ओळखायचा नाही. अनोळखी मजकूर म्हणून पुसायचा आणि पाकीट सोवळं करून पुढे सोडायचा. दोन्ही बाजूंना वाटायचं, समोरच्याला मोठी खिडकी येत नाही वाटतं. हे शोधायला मला अकरा दिवस लागले. दुरुस्तीला एक टिकमार्क.

अमेरिकेतल्या प्रयोगशाळांनी यासाठी रीतच पाडलीये, सायन्स डीएमझेड म्हणतात. मोठा डेटा आणणारं यंत्र कॅम्पसच्या मुख्य फायरवॉलमागे ठेवायचंच नाही, ओळीच्या तोंडाशी बसवायचं, त्याला मोजकी दारं आणि कडक पहारा. शिपायाने प्रत्येक माणसाची पिशवी तपासावी, पण धान्याच्या ट्रकमधलं एकेक पोतं सोडून बघू नये.

मास्तर, तुम्ही एक करा. लॅपटॉप थेट राउटरला लावून मोजा, मग प्रयोगशाळेत मोजा. दोन आकडे इथे टाका.

तिरकस_तात्या

खिडकीचं मला पंधरा वर्षं धंद्यात राहून कोणी एवढं सोपं सांगितलं नव्हतं. बाकी मतभेद कायम. पण काका, तुमच्यासारखा माणूस विद्यापीठांना ठेवता येतो का आज? आमच्याकडे दोन वर्षांचा अनुभव असलेला पोरगा तुमच्या कंत्राटी पगाराच्या दुप्पट मागतो.

मोडेमवाला

नाही ठेवता येत. माझी जागा मी निवृत्त झाल्यावर भरलीच नाही. एक मुलगा आहे अकरा महिन्यांच्या करारावर, हुशार आहे, मला रात्री फोन करतो. ५,९९० कोटींत तार होती, राउटर होते. प्रत्येक संस्थेत तार सांभाळणारा माणूस कोण आणि त्याला पगार कुठून, हे संस्थेवर सोडलं. ग्रंथपालताईंची नव्वद पावलं तीच.

एनसीएसटीत नव्वदच्या दशकात वेगळं होतं असं ऐकून आणि पाहून आहे. ज्यांनी नेटवर्क उभारलं तेच शिकवायचे, तेच चालवायचे, रात्री तेच उठायचे. आपला डॉट इन २००५ पर्यंत तिथूनच सांभाळला जायचा. माझं अर्धं शिक्षण जुहूच्या कॅन्टीनमध्ये झालंय.

गोंधळलेला_मास्तर

काका, मोजलं. राउटरला थेट : ९३१ एमबीपीएस. प्रयोगशाळेत : ९४.

मोडेमवाला

९४ आला म्हणजे फायरवॉल सुटला. कुठेतरी १०० वर जोड बसलाय. जुना स्विच असेल, नाहीतर केबलच्या आठ तारांपैकी चारच लागल्यात. गिगाबिटला आठही लागतात, चार असतील तर निमूट १०० वर येतं, तक्रार करत नाही. भिंतीतला जोड उघडून बघा.

चहाबाज

रहस्यकथा झालीये. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

गोंधळलेला_मास्तर

उघडला. मागे एक छोटा स्प्लिटर निघाला, रॅकच्या टोकालाही तसाच एक. कधीतरी कोणीतरी एका केबलीच्या दोन केल्यात. चार तारा माझ्या प्रयोगशाळेला, चार भिंतीपलीकडे एचओडी सरांच्या केबिनला. नवी केबल टाकायची असं सरांना सांगितलं. ते म्हणाले, खरेदी समितीत विषय घ्या. बैठक पुढच्या महिन्यात.

तोवर तोडगा काढलाय. संध्याकाळी सर गेले की दोन्ही स्प्लिटर काढतो, डेटासेट लावून घरी जातो, सकाळी साडेनऊच्या आत पुन्हा बसवतो. काल रात्री आकडा ९३८.

मोडेमवाला

शाब्बास. शनिवारी सर अचानक येतात का, ते आधी बघून ठेवा.